आगानेथाची माफी

ब्लूमेनहोफ वसाहतीत कुणालाही विचारलं असतं, की बाबा, गावात सगळ्यात मऊ मनाची बाई कोण, तर तो म्हणाला असता, "आगानेथाकाकू! दुसरं कोण?" अख्खं गाव चुकत होतं. आगानेथा टाइखरोबने इसब्रांट हार्डरवर जो डूख धरला होता, तसा साप धरत नाही.

वरून काही दिसायचं नाही. पोरांच्या ओंजळीत भाजलेल्या सूर्यफुलाच्या बिया घालायची, बाळंतिणीला शेवयांचं सूप नेऊन द्यायची, कुणाची गाय अडली तर बाह्या सरसावून जायची. आणि दर रविवारी काळा रुमाल डोक्याला बांधून, बायकांच्या बाजूच्या बिनपाठीच्या बाकावर ताठ बसून, समोर उभ्या असलेल्या इसब्रांटकडे बघत मनातल्या मनात म्हणायची, मर मेल्या, पण माझ्या आधी मर. आणि मरण्याआधी एकदा माझ्यापुढे हात पसर. मी देणार नाही म्हणजे नाही.

इसब्रांट हार्डर वसाहतीचा थोरला उपदेशक होता. प्रवचन काय, कुणीही उपदेशक वाचतो. पण बाप्तिस्मा, प्रभुभोजनाचा पाव-द्राक्षारस आणि बहिष्कार या तीन गोष्टी फक्त थोरल्यानेच करायच्या, तो मरेपर्यंत. त्याची पांढरी दाढी, त्याचा मऊ आवाज आणि कुणाच्याही डोक्यावर ठेवायचा तो हात गावाला फार आवडायचा. आगानेथाला तो हात मनगटापासून मोडावासा वाटायचा.

आणि हे सगळं कशावरून? रबरावरून. हसायचं असेल तर हसून घ्या, पण आमच्या माणसांनी रबरापायी देश सोडलाय. पोरांच्या हाती बंदूक देतात म्हणून रशिया सोडला, शाळेत परकी भाषा घुसवतात म्हणून कॅनडा सोडला, आणि मेक्सिकोत जरा बूड टेकतंय तोवर ट्रॅक्टर आले. लोखंडी चाकांचा ट्रॅक्टर शेतात झकास चालतो, पण रस्त्यावर माणसाची हाडं खिळखिळी करतो, म्हणून त्याच्यावर बसून कुणी शहरात उंडारायला जात नाही. रबरी टायर लावले की झालं, पोरं शनिवारी शहरात आणि सोमवारी सैतानाच्या घरी. काही जण रबराला भुलले. जे भुलले नाहीत त्यांनी गाठोडी बांधली आणि बोलिव्हियाच्या या जंगलात येऊन कुऱ्हाडी हातात घेतल्या. आगानेथा तेव्हा नवी नवरी होती. नवरा कोर्नेलियुस झाडं पाडायचा आणि ती फांद्या ओढून जाळायची. लोखंडी चाक कशासाठी हे तिला कुणी शिकवायची गरज नव्हती, तळहातांना फोड आले होते त्यासाठी.

तर, पंचवीसेक वर्षांपूर्वी पावसाने आठवडाभर धरून ठेवलं. रस्त्यांचा नुसता राबडा. इसब्रांट तेव्हा साधा शेतकरी, टाइखरोबांचा शेजारी. त्याची बायको जस्टिना अडली. मूल आडवं. गावची सुईण घामाघूम होऊन म्हणाली, "माझ्या हातातलं राहिलं नाही, दवाखान्यात न्या." इसब्रांटने ट्रॅक्टर काढला, तो लोखंडी चाकांनिशी फाटकाशीच रुतला. घोडागाडीचं तर नावच नको. भरदुपारी तो चिखलाने माखलेला टाइखरोबांच्या स्वयंपाकघरात आला आणि कोर्नेलियुसच्या दंडाला धरून ओरडला,

"कसलीही चाकं लाव रे! रबराची लाव, सैतानाची लाव, पण माझ्या बायकोला ने!"

आगानेथा तिथेच उभी होती, पिठात कोपरापर्यंत हात घालून. तिने शब्द न् शब्द ऐकला.

कोर्नेलियुस वसाहतीच्या हद्दीपलीकडच्या डॉन फ्लोरेन्सियो नावाच्या शेतकऱ्याकडे पळत गेला. त्याचा ट्रॅक्टर याच्यासारखाच होता, पण इंजिन उघडून पडलं होतं. त्याची रबरी चाकं काढून आणली, आपल्या ट्रॅक्टरला चढवली, मागच्या गाड्यावर गादी टाकली, गादीवर जस्टिना, आणि निघाला. मुलगा झाला. आई जगली, मूल जगलं. त्याचं नाव अब्राम ठेवलं.

पण कोर्नेलियुसला रबरी चाकांवर शहरात फिरताना वसाहतीतल्या चार जणांनी पाहिलं होतं. बंधूंची बैठक बसली. बैठकीत पुरुष, बायका घरी. कोर्नेलियुस उभा राहून म्हणाला, "मी लावली. पण इसब्रांटने लाव म्हटलं म्हणून लावली." सगळ्यांनी इसब्रांटकडे बघितलं. पुढच्याच महिन्यात नवा उपदेशक निवडायचा होता आणि इसब्रांटचं नाव जो तो घेत होता. इसब्रांटने खाली बघितलं, हळूच वर बघितलं आणि म्हणाला, "मी तेव्हा भानावर नव्हतो. काय बोललो मला आठवत नाही. पण रबराचं नाव माझ्या तोंडून निघेल, असं मला वाटत नाही."

काय वाक्य आहे बघा! सरळ खोटं बोलणारा परवडला.

कोर्नेलियुसला म्हणाले, चूक झाली म्हण, माफी माग, विषय संपला. तो म्हणाला, "चूक असेल तर दोघांची. तो उभा राहू दे, मी त्याच्या शेजारी उभा राहतो." इसब्रांट बसून राहिला. रविवारी सगळ्या मंडळीपुढे कारण सांगून कोर्नेलियुसवर बहिष्कार पडला, आणि महिन्याभराने इसब्रांट उपदेशक झाला, पुढे थोरला.

बहिष्कृत माणसाच्या हातून कुणी काही घेत नाही, त्याला कुणी काही देत नाही, त्याच्या पंगतीला कुणी बसत नाही. चीज कारखान्याची गाडी त्याच्या दुधाच्या कॅनपाशी थांबेना. दूध डुकरांना गेलं. आणि बायकोनेही त्याच्याबरोबर जेवायचं नाही. हा नियम आगानेथाने पाळला. होय, पाळला! बाप्तिस्म्याच्या वेळी गुडघे टेकून शब्द दिला होता, मंडळी सांगेल ते ऐकेन म्हणून. खिडकीपाशी लहान टेबल मांडून त्यावर नवऱ्याचं ताट ठेवायची आणि स्वतः मोठ्या टेबलावर, पाठ करून जेवायची. कोर्नेलियुस थट्टा करायचा. "बघ बाई, राजासारखा जेवतोय. अख्खं टेबल माझं! मीठ दे म्हटलं तर तेवढं तरी देशील?" ती मीठ त्याच्या हातात देत नसे, टेबलाच्या कडेला ठेवायची आणि तो उचलायचा. मीठ ठेवणारा तो हात तिने स्वतःला कधी माफ केला नाही. इसब्रांटला तर मुळीच नाही, कारण त्यानेच तो हात तिच्याकडून तसा वापरून घेतला होता.

दोन हिवाळे असे गेले. मग कोर्नेलियुस ज्वारीच्या शेतात छातीला हात लावून बसला तो उठलाच नाही.

आमच्यात कुणी गेलं की मयताच्या घरी पावाचं पीठ मळतात आणि गोळे घरोघर वाटतात. प्रत्येक घर आपल्या भट्टीत भाजून आणतं, मग सगळं गाव ते पाव खाऊन मातीला जातं. आगानेथाने पीठ मळलं. एकाही घराने गोळा घेतला नाही. बहिष्कृताचं पीठ! तिने एकटीने, आपल्या एका भट्टीत, दिवसभर पाव भाजले, आणि खायला कुणी आलं नाही. कोर्नेलियुसला स्मशानाच्या तारेच्या कुंपणाबाहेर, गुरांच्या कुरणात पुरलं. गाणं नाही, प्रार्थना नाही, दुपारच्या उन्हात चार माणसं आली, खड्डा बुजवून घामाने भिजलेल्या टोप्या झटकून गेली. आगानेथाला तिथेच कळलं, की ती मेली की कुंपणाच्या आत जाणार आणि तो बाहेर राहणार. जिवंतपणी वेगळं टेबल आणि मेल्यावर मध्ये तार.

तिसऱ्या दिवशी इसब्रांट तिच्या दारात आला, बरोबर उपदेशक डीट्रिश वाल. टोपी छातीशी धरून म्हणाला, "वहिनी, माझ्याकडून कळत नकळत काही झालं असेल तर माफ करा."

आता आमच्यात लहान पोर बोलायला लागलं की आधी हेच शिकवतात. कुणी माफ करा म्हटलं की माफ केलं म्हणायचं. शिंक आल्यासारखं ते तोंडातून येतं. आगानेथाच्या तोंडातून आलं, "माफ केलं, भावजी." दार लागलं, आणि मग तिच्या लक्षात आलं की काय झालं ते. ज्याची माफी दिली ती गोष्ट पुन्हा काढायची नाही, काढेल तो पापी. त्याने तिचं तोंड शिवून टाकलं होतं, आणि सुईदोरा तिनेच हातात दिला होता! त्या दिवशी तिने मिठाची बरणी भिंतीवर फेकून फोडली.

त्यानंतर ती मायाळू झाली. माणसं जवळ असावी लागतात, म्हणजे बातमी लवकर कळते.

बातमी आली ती यंदा सोयाबीन काढणीच्या दिवसांत. थोरल्याच्या पोटात गाठ आहे, शहरातल्या डॉक्टरने हात टेकले. पाठोपाठ जस्टिना स्वतः घोडागाडी हाकत आली. "आगानेथा, तो तुला बोलावतोय. प्रभुभोजनाच्या आधी सगळ्यांशी सलोखा करायचा म्हणतोय. शेवटचंच असेल गं."

"माझ्याशी कसला सलोखा? माझं काही भांडण आहे का त्याच्याशी?" आगानेथा म्हणाली आणि झटकन एप्रन सोडला.

इसब्रांट उशांना टेकून बसला होता. दाढीच उरली होती, माणूस गेला होता. जस्टिना कॉफी ओतत होती.

"वहिनी," तो म्हणाला, "तेव्हा मी 'कळत नकळत' म्हणालो होतो."

"म्हणाला होतात."

"नकळत नव्हतं. मला सगळं आठवत होतं. रबराची लाव, सैतानाची लाव, हे मीच म्हणालो होतो. बैठकीत मी खोटं बोललो."

जस्टिनाच्या हातातली किटली तशीच थांबली. "काय म्हणालास? मला तर सांगितलं होतंस, त्याने आपल्या मनाने लावली!"

"तुलाही खोटं सांगितलं."

"मला ठाऊक आहे सगळं," आगानेथा म्हणाली. "मी तिथेच होते. पुढे बोला."

"मला माफ करा, वहिनी."

"एकदा केलंय की. शिळी झाली का ती माफी?"

इसब्रांटने डोळे मिटले. "ती मी चोरून घेतली. खोटं पोटात ठेवून घेतलेली माफी देवाघरी धरत नाही. ती रद्द आहे. मला खरी हवी."

आगानेथा खुर्चीतच पुढे सरकली. इतकी वर्षं ज्या दोऱ्याने तिचं तोंड शिवलं होतं, तो हा शहाणा स्वतःच्या हाताने उसवत होता.

"रद्द? नक्की?"

"रद्द."

"जस्टिना, ऐकलंस ना?" आगानेथा उठली, रुमालाची गाठ आवळली. "मग ऐक, इसब्रांट हार्डर. मी माफ करत नाही."

कॉफी न घेता ती घरी आली आणि त्या रात्री कित्येक वर्षांनी तिला मेल्यासारखी झोप लागली.

मंडळीत कुणा दोघांचं वाकडं असेल तर प्रभुभोजन होत नाही, तोवर सगळी वसाहत अडून बसते. त्यामुळे चार दिवसांत दारात घोडागाडी उभी राहिली. म्हातारे डीट्रिश वाल आणि इसब्रांटचा मुलगा अब्राम, कोवळा, नुकताच उपदेशक म्हणून निवडलेला. आगानेथाने बसायला खुर्च्या दिल्या, बिया पुढे ठेवल्या.

"काकू," अब्राम म्हणाला, "बाबांचं पोट पाण्याने भरलंय. ते प्रभुभोजन मागतायत. एक शब्द तर बोलायचाय तुम्हाला."

"तो शब्द तुझ्या बापाने मंडळीपुढे बोलावा. मग बघू."

"त्यांनी तुमच्याकडे कबूल केलंय ना? गावभर कशाला? एवढी वर्षं ते थोरले आहेत. लोक म्हणतील, ज्याने बाप्तिस्मा दिला तोच लबाड. माझं तरी कोण ऐकेल मग?"

"अस्सं. म्हणजे तुझी खुर्ची हलते तर. बाळा, तू रबरावर बसून या जगात आलायस, एवढं ध्यानात ठेव."

अब्रामचे कान लाल झाले. डीट्रिश वाल खाकरले. "आगानेथा, माफ न करणाऱ्याला काय होतं तुला माहीत आहे. बहिष्कार. या वयात एकटी जेवशील. आणि मेलीस तर कुंपणाबाहेर, कुरणात जाशील."

आगानेथा हसली. खो खो हसली, डोळ्याला पदराचं टोक लावावं तसं एप्रनचं टोक लावून हसली.

"कुठे म्हणालात? कुरणात? कोर्नेलियुसच्या शेजारी ना? अहो, मग उशीर कशाला करताय?"

अब्रामने खुर्ची पुढे ओढली. "काकू, मी दुसरं सांगतो. कुंपण हलवू. मी स्वतः खांब उपटतो, एका संध्याकाळी, कुणाला काही न सांगता. काका आत येतील, तुम्ही त्यांच्या शेजारी. तुम्हाला हेच हवंय ना? कुणाची बेअब्रू नको, काही नको."

हे मात्र आगानेथाला लागलं. क्षणभर तिला सगळं दिसलं, आत, गवत कापलेल्या जागी, शेजारी शेजारी दोघं, गुरं नाहीत, शेण नाही. एक शब्द टाकायचा की झालं. तिने बियांची वाटी उचलून परत खाली ठेवली.

"अंधारात? चोरासारखं?" ती म्हणाली. "त्याला गाडलंत तेव्हा भरदुपारी गाडलंत ना रे? कुणीही बघावं असं! माझं पीठ घरोघर फिरून परत आलं तेही दिवसाउजेडी. आणि आता आत घ्यायचं ते लपूनछपून? नको मला तुमचं कुंपण. तुमची कुरणाची जागाच मला गोड आहे."

"मग बहिष्कार," डीट्रिश वाल म्हणाले आणि उठले.

"घाला. पण वालकाका, बहिष्कार घालताना कारण मंडळीपुढे सांगावं लागतं. कोर्नेलियुसच्या वेळी सांगितलं होतंत, मी बाकावर बसून ऐकलंय. माझंही सांगा. आगानेथाने इसब्रांटला माफ केलं नाही. कशाबद्दल केलं नाही, तेही. आणि बहिष्कार घालतो कोण? थोरला. त्याच्याच तोंडून येऊ दे."

डीट्रिश वाल म्हातारे होते पण मूर्ख नव्हते. त्यांनी एकदा अब्रामकडे बघितलं आणि हळूच टोपी घातली. काय करणार? तिला बहिष्कृत केलं नाही तर प्रभुभोजन होत नाही, आणि केलं तर लबाडी बाहेर पडते. नवा थोरला निवडावा, तर जुना जिवंत आहे तोवर तसं करता येत नाही. जाताना अब्राम दारात वळून म्हणाला, "काकू, तुम्ही एवढ्या कठोर असाल असं वाटलं नव्हतं."

"मलाही नव्हतं वाटलं. तुझ्या बापाने शिकवलं."

त्यानंतर त्यांनी दोन रविवार तसेच जाऊ दिले. तिला वाटायला लागलं की तो मधेच मरतो आता, आणि सगळं फुकट जातं. त्या दिवसांत आगानेथाने इसब्रांटच्या दीर्घायुष्यासाठी गुडघे टेकून प्रार्थना केली. मनापासून केली. देवाला काय वाटलं असेल ते देव जाणे.

प्रभुभोजनाशिवाय मरायचं नाही म्हणून इसब्रांटनेच हट्ट धरला, तेव्हा तिसऱ्या रविवारी त्याला खुर्चीत बसवून चार माणसांनी उचलून आणलं. मंडळीचं घर गच्च भरलं होतं. पुरुषांच्या बाजूला टोप्या खुंट्यांना लटकत होत्या, बायकांच्या बाजूला काळ्या रुमालांच्या रांगा. लांबलचक गाणं झालं. जस्टिना पुढच्या बाकावर होती आणि नवऱ्याकडे बघत नव्हती. आगानेथा मुद्दाम सगळ्यात मागे जाऊन बसली. बायका गाणी म्हणतात, पण मंडळीत बोलत नाहीत. आगानेथा तर आयुष्यात एकदाही बोलली नव्हती.

इसब्रांट खुर्चीच्या हातांना धरून उभा राहिला. अब्राम धरायला गेला तर त्याने हाताने दूर सारलं.

"आपली बहीण आगानेथा टाइखरोब हिला आज मंडळीतून दूर करायचं आहे," तो म्हणाला. "कारण तिने मला माफ केलं नाही. आणि मी काय केलं ते..." त्याचा आवाज बसला. पुढचे शब्द दाढीत गेले. रबर एवढं कुणाला तरी ऐकू आलं, कोर्नेलियुस एवढं कुणाला तरी. पुढच्या दोन बाकांवरची माणसं एकमेकांकडे बघायला लागली, मागच्यांना काहीच कळलं नाही. इसब्रांट घाईघाईने खाली बसायला लागला.

आगानेथा उठली.

"भावजी," ती म्हणाली, "मोठ्याने बोला. मागे ऐकू आलं नाही."

इसब्रांट अर्धवट वाकलेला, पुन्हा सरळ झाला. त्याने तिच्याकडे बघितलं. ती बसली नाही.

मग तो पहिल्यापासून पुन्हा बोलला, मोठ्याने.